शेळीमार्फत घातांक

सोमवार, ५ जानेवारी

म्हशाच्या जत्रेहून परत आलो. एक घोंगडी घेतली. बैल पाहिले, घेतले नाहीत.

सुनेच्या परीक्षेचा विषय घरी पुन्हा निघाला. सौ. मंदाचे दहावीचे इतर सर्व विषय गतवर्षी निघाले, गणित राहिले. अंगणवाडीत ती मदतनीस आहे. सेविकाबाई जूनमध्ये निवृत्त होतात. त्या जागी घेण्यास निदान दहावी पाहिजे, असे तिला स्पष्ट सांगण्यात आले आहे. चि. भास्कर म्हणाला, "तात्या, अजून एक डाव बसू द्या तिला." मी म्हणालो, बसावे, मात्र ही शेवटची वेळ. घर, शेत, अंगणवाडी आणि वर अभ्यास, हे दरसाल चालणार नाही.

ती आत चुलीपाशी होती. ऐकले असावे. बोलली नाही. ती माझ्याशी बोलत नाहीच. आमच्या घरची ती रीत आहे. पूर्वी तिचे म्हणणे तिच्या सासूमार्फत माझ्यापर्यंत येत असे. सासू गेल्यापासून भास्करमार्फत येते, आणि भास्कर मुरबाडच्या कारखान्यात पाळीवर असतो. त्यामुळे आमच्या घरात हल्ली फार कमी बोलले जाते.

रविवार, ११ जाने.

शेजारची वैजू आली. बारावी शास्त्र. सौ. मं.ला म्हणाली, "वहिनी, दहावीचं पुस्तक मिटव आधी. घातांक येत नाय तं म्होरचं सगलं पान्यात. आठवीचं काढ." पोरीची भाषा अशुद्ध, परंतु सल्ला योग्य वाटला. आठवीचे पुस्तक तिनेच आणून दिले.

वैजूस रविवार तेवढा मोकळा. इतर दिवशी उदाहरण वाचून दाखवण्यास व उत्तर पडताळण्यास कोणीतरी पाहिजे, कारण सौ. मं.चे हात कामात असतात. ते काम मी पत्करले. माझे शिक्षण इयत्ता चौथी. परंतु त्या काळची चौथी. पावकी, निमकी, पाऊणकी, सवाईकी, दिडकी, अडीचकी आजही तोंडपाठ आहेत. पुढे खळ्यावर भाताचे माप केले, त्यात कोणी कधी शब्द काढला नाही. अपूर्णांकास भिण्याचे मला कारण नाही.

बुधवार, १४ जाने.

आरंभ केला. मी ओटीवर, ती उंबऱ्याच्या आत, मांडीवर नातीची जुनी पाटी. (नात आश्रमशाळेत आहे.)

पुस्तकात संख्येच्या जागी इंग्रजी अक्षरे घातली आहेत. मी क्ष लिहितो. क्षच्या डोक्यावर उजव्या अंगास बारीक आकडा असतो, तो घातांक. क्ष⁵ म्हणजे पाच क्ष एकमेकांस गुणलेले. उदाहरण: वर क्ष⁵, खाली क्ष², सरळ रूप द्या. नियम असा की पाया एकच असेल तर भागाकारात घातांकांची वजाबाकी करावी. उत्तर क्ष³.

नियम नुसता पाठ करण्यात अर्थ नाही म्हणून तिला ऐकू जाईल असे समजावून सांगितले. ही सावड आहे. लावणीला आपल्या घरची पाच माणसे त्यांच्या शेतात गेली, त्यांची दोन आपल्या शेतात आली. दोन दोनांशी फिटली. तीन उरली. आतला भांड्यांचा आवाज थांबला होता. समजले असावे.

शनिवार, १७ जाने.

वर क्ष², खाली क्ष⁵. दोनातून पाच जात नाहीत, असे आम्हांस शिकवले होते. आता जातात. घातांक उणे तीन येतो. सावडीच्या हिशेबाने यात अडचण नाही: आपली दोन गेली, त्यांची पाच आली, आपल्याकडे तीन माणसांचे काम राहिले. ते खाली छेदात जाऊन करावे लागते. म्हणून एक छेद क्ष³. रचना योग्य आहे. ज्याच्याकडे काम बाकी आहे त्याने वर बसू नये.

गुरुवार, २२ जाने.

उदाहरण: वर क्ष⁴ + ६क्ष², खाली क्ष⁴.

सौ. मं. लिहिता लिहिता थांबली. मी सांगितले, वर क्ष⁴ आहे, खाली क्ष⁴ आहे, फिटले, दोन्ही कापावेत. उत्तर ६क्ष². तिने खडू थोडा वेळ पाटीवर नुसता टेकवून ठेवला, मग कापले.

पुस्तकाच्या शेवटी उत्तर निराळे आहे. छापणाऱ्याची चूक. शाईने दुरुस्त केली. असल्या चुकांनी विद्यार्थ्यांचे नुकसान होते, हे कोणाच्या लक्षात येत नाही.

सोमवार, २६ जाने.

ध्वजवंदनास गेलो. भाषण लांबले. वक्त्याने दोन क्रियापदे चुकवली.

सायंकाळी तशीच आणखी दोन उदाहरणे. कापण्यात मला आता गती आली आहे. पुस्तकातील दोन्ही उत्तरे पुन्हा चुकीची निघाली. दुरुस्त केली.

रविवार, १ फेब्रुवारी

काल सौ. मं. मुरबाडला सराव परीक्षा देऊन आली. आज वैजूने पेपर पाहिला. गुण वाईट. घातांकांची साधी उदाहरणे बरोबर. जेथे जेथे अधिक चिन्ह आहे तेथे तेथे चूक.

त्या दोघी मागील दारी वाल सोलत होत्या, मी ओटीवर. ऐकण्याचा हेतू नव्हता. वैजू म्हणाली, "अधिक असला तं असं नाय कापाचं, हे मी तुला सांगितलावता ना? तूच मला बरोबर करून दावलावतास."

सौ. मं. म्हणाली, "म्हाईत हाय गो. पन मोठ्या मानसांनी तसं कापलान. त्यांच्याम्होरं कापते नि तिथं जाऊन नाय कापत, असं कसं करू? घरात एक नि भाईर एक?"

"पेपर तपासनारा तुजा सासरा नाय, वहिनी."

दोघी हसल्या. मी खोकलो नाही. उठून वांग्यांच्या वाफ्यास पाणी घातले. वाफ्यास पाणी सकाळीच घातलेले होते.

सोमवार, २ फेब्रु.

पडताळा घेतला. पोरीच्या म्हणण्यावर जाण्याचे कारण नाही, संख्येवर जावे. क्ष म्हणजे दोन धरला. क्ष⁴ म्हणजे सोळा. ६क्ष² म्हणजे चोवीस. वर चाळीस, खाली सोळा. सोळा अडीचे चाळीस. म्हणजे उत्तर अडीच.

माझ्या उत्तराने चोवीस येतात. छापलेल्या उत्तराने, वर क्ष² + ६, खाली क्ष², म्हणजे चारावर दहा, अडीच येतात.

क्ष तीन धरून पुन्हा पाहिले. पुन्हा पुस्तक बरोबर.

अडीच आणि चोवीस यांत मतभेदास जागा नाही. मी केलेल्या तिन्ही दुरुस्त्या खोडल्या. शाई कागदात उतरली आहे. छापलेले उत्तर आता नीट वाचता येत नाही. ते बाजूला पुन्हा लिहिले.

चुकले याचे मला विशेष वाटत नाही. जे शिकवलेच नव्हते ते चुकू शकते. तिला बरोबर येत होते आणि तिने माझ्यासाठी चुकीचे लिहिले, ही गोष्ट निराळी. याच रीतीने मार्चचा पेपर गेला तर तिची जागा माझ्यामुळे जाईल.

बुधवार, ४ फेब्रु.

सायंकाळी, भास्कर घरी असताना, स्पष्ट सांगितले. यापुढे माझे जेथे चुकेल तेथे तोंडावर सांगावे. यात अनादर होत नाही. ही माझी आज्ञा आहे. सौ. मं. पदर पुढे घेऊन उभी राहिली. भास्कर म्हणाला, "आयकलंस ना? सांगाचं." तिने मान हलवली.

शुक्रवार, ६ फेब्रु.

आज्ञेचा पडताळा घेण्यासाठी मुद्दाम चुकलो. क्ष³ गुणिले क्ष⁴ बरोबर क्ष¹², असे म्हणालो. गुणाकारात घातांकांची बेरीज असते, म्हणजे क्ष⁷, हे तिला उत्तम येते.

तिने ओठ मिटले. पाटीवर क्ष¹² लिहिले. डोळ्यांत पाणी होते किंवा चुलीचा धूर.

आज्ञा करून रीत मोडत नाही. हे मला अगोदर कळावयास पाहिजे होते. मीही माझ्या वडिलांसमोर कधी बोललो नाही, आणि त्यांचे म्हणणे नेहमी बरोबर नसे.

मंगळवार, १० फेब्रु.

आज एक चमत्कारिक प्रकार घडला. जसा घडला तसा लिहितो.

उदाहरण: वर क्ष³ + ५क्ष, खाली क्ष. माझ्या तोंडून सवयीने निघाले की क्ष आणि क्ष कापावेत, म्हणजे वर क्ष³ + ५ राहील. या वेळी मुद्दाम नव्हे. सौ. मं.ने खडू खाली ठेवला. ओटीच्या खांबाला आमची शेळी, चांदी, बांधलेली असते. तिच्याकडे पाहून सौ. मं. म्हणाली, "गो चांदे, एकाला कापलंस नि दुसऱ्याला तसाच ठेवलास? त्या पयल्यातला क्ष कोन काढील?"

शेळी चघळत होती.

मी उदाहरण पुन्हा पाहिले. वरच्या दोन्ही पदांत क्ष आहे. दोहोंतून काढला पाहिजे. क्ष² + ५. आणि, ज्याचे मला अजूनही नवल वाटते, मी शेळीकडेच पाहून म्हणालो, "चांदीचे म्हणणे बरोबर आहे. क्ष² + ५."

आतून सौ. मं. म्हणाली, "चांदे, हुशार हायस." मग खडूचा आवाज आला.

गुरुवार, १२ फेब्रु.

चांदीमार्फत काम सुरळीत चालू आहे. सौ. मं. तिच्याशी मोकळेपणाने बोलते. आज म्हणाली, "चांदे, घाई करू नको गो, आदी कंस बग." मी घाई केली होती.

अधिक चिन्हाचे मर्म आज मला सावडीतूनच उलगडले. चुकलो होतो तेही सावडीनेच, त्यामुळे हे येथे नोंदवतो. गुणलेली पदे म्हणजे वेगळ्या चुलीची घरे. एकेकाशी स्वतंत्र फेड होते. अधिकाने जोडलेली पदे म्हणजे एका चुलीवरचे भाऊ. त्यांतील एकाच भावाशी परस्पर सावड फेडता येत नाही. फेडायची तर सगळ्या घराशी. दोघांतही जे समान असेल ते अगोदर कंसाबाहेर काढावे, म्हणजे भाऊ कंसात एकत्र राहतात आणि बाहेर काढलेले तेवढे खालच्याशी फिटते.

हे मी चांदीस सांगितले. सौ. मं. आतून म्हणाली, "चांदे, हे पुस्तकात नाय. हे ध्येनात ठेव."

रविवार, १५ फेब्रु.

महाशिवरात्र. उपवास.

मोठा वाद झाला. क्ष³ वर, क्ष³ खाली. मी म्हणालो, तीनातून तीन गेले, शून्य, सगळे फिटले, उत्तर शून्य. सौ. मं. म्हणाली, "चांदे, घातांक शून्य. उत्तर एक." मी म्हणालो, चांदीने विचार करून बोलावे. ती म्हणाली, चांदीने विचार केला आहे. मी म्हणालो, सगळी माणसे इकडची तिकडे, तिकडची इकडे, फेड पूर्ण झाली, मग उरले काय? शेळी ओरडली, तिला चारा पाहिजे होता.

वैजू आली होती. ती पोट धरून हसत होती. म्हणाली, "तात्या, तुमची शेळीच पयली पास होते बगा."

संख्या घेऊन पाहिले. आठावर आठ. एक. हे नाकारता येत नाही. परंतु पटले असेही म्हणता येत नाही.

सोमवार, १६ फेब्रु.

भाकरी थापताना सौ. मं. शेळीला म्हणाली, आणि चांगले मोठ्याने म्हणाली, "चांदे, फिटते ती सावड. घर ऱ्हातोच ना एक."

दुपारी खळ्याची आठवण आली. भात मापताना पहिल्या मापास आम्ही एक म्हणत नसू, 'लाभ' म्हणत असू. त्यानंतर दोन, तीन. मोजणी सुरू होण्याअगोदर जे असते त्याला शून्य म्हणण्याची आमच्यातही पद्धत नव्हती. सायंकाळी चांदीस सांगितले की शून्य घात म्हणजे लाभ. सौ. मं. आतून हसली. तिचे हसणे मी पूर्वी ऐकले नव्हते, किंवा लक्ष दिले नव्हते.

मंगळवार, २४ फेब्रु.

राबासाठी, म्हणजे भाताच्या रोपांची जमीन भाजण्यासाठी, कवळ तोडणे चालू. सौ. मं. सकाळी फांद्यांचे भारे वाहते, दुपारी अंगणवाडीची खिचडी, सायंकाळी पाटी. सिद्धगड धुरकट दिसतो; सर्वत्र राब भाजतात.

शेजारची भागी कुंपणावरून म्हणाली, "तात्या, म्हातारपनी शेलीला शिकवता?" मी म्हणालो, शिकण्यास वय नसते. तिला वाटले मी शेळीविषयी बोललो.

रविवार, १ मार्च

दुसरी सराव परीक्षा झाली. काठावर पास. अधिक चिन्हाची उदाहरणे सर्व बरोबर. भूमितीत गेले, त्यात माझा संबंध नाही. वैजू म्हणते, बीजगणितात ती आता पडणार नाही, वेळ पुरला पाहिजे. सौ. मं. सावकाश लिहिते. अक्षर सुरेख आहे. त्यास गुण नाहीत.

सोमवार, ९ मार्च

बीजगणिताचा पेपर. भास्करची पाळी असल्याने मी सोबत गेलो. पहिली एस.टी. धरली. गाडीत ती बायकांच्या बाजूस, मी पुढे.

केंद्राच्या फाटकाबाहेर उभे राहिलो. पुष्कळ मुले; तिच्या वयाचे कोणी दिसले नाही. दोन मुली तिला कोणाची तरी आई समजून वर्ग कोठे आहे ते विचारून गेल्या. तिने पदर नीट केला. तिला काही विचारावयाचे आहे, हे मला दिसत होते. तिने इकडे तिकडे पाहिले. चांदी घरी होती. शेवटी फाटकाजवळच्या विजेच्या खांबाकडे वळून, अगदी हळू, म्हणाली, "शून्य घात?"

मीही खांबाकडेच पाहिले. म्हणालो, "लाभ."

ती आत गेली.

बाहेर आल्यावर चेहऱ्यावरून काही समजले नाही. परतीच्या गाडीत दोन मुले अपूर्णांकाच्या एका उदाहरणाविषयी भांडत होती. एकाने कापले होते, दुसऱ्याने नाही. सौ. मं. खिडकीबाहेर पाहत होती. घरी आल्यावर ती पाणी प्यायली, नंतर तिने चांदीचे दावे सैल केले आणि तिला म्हणाली, "कंस केला गो. पन शेवटचं एक ऱ्हायलं. घंटा झाली."

बुधवार, ११ मार्च

भूमितीचा पेपर. भास्कर सोबत गेला होता. "बरा गेला म्हनते," असे त्याने सांगितले.

शनिवार, १८ एप्रिल

चांदी व्याली. दोन करडे. अभ्यास संपल्याने ओटीवर शांतता आहे. मी आठवीचे पुस्तक वैजूस परत केलेले नाही. सकाळी एकटाच दोन-तीन उदाहरणे करतो. चुकल्यास कोणी बोलत नाही.

मंगळवार, १२ मे

निकाल उद्या दुपारी लागणार, असे वैजूने मोबाईलवर पाहून सांगितले. सेविकेच्या जागेसाठी पलीकडच्या पाड्यातील एक बारावी झालेली मुलगी अर्ज करणार, असेही कानावर आले. खरे खोटे ठाऊक नाही.

दुपारी जेवण झाल्यावर ओटीवर बसलो होतो. सौ. मं. पाण्याचा तांब्या घेऊन आली. एरवी तांब्या उंबऱ्यावर ठेवून आत जाते. आज बाहेर आली, तांब्या माझ्यासमोर ठेवला आणि तेथेच उभी राहिली. भास्कर कामावर. ओटीवर दुसरे कोणी नव्हते.

म्हणाली, "मामा, नाय निघालं तं पुन्यांदा बसू?"

मला म्हणाली. खांबाला नव्हे.

ही शेवटची वेळ, असे मी जानेवारीत सांगितले होते. या घरात माझा शब्द मी कधी मागे घेतलेला नाही. तिने तो तेव्हा चुलीपाशी ऐकला होता, हे आता नक्की झाले.

मी तांब्या उचलला, पाणी प्यायलो. ती थोडा वेळ थांबली आणि आत गेली.

उत्तर माझ्यापाशी तयार आहे. केवळ ते कोणाकडे पाहून द्यावे, हे ठरत नव्हते. खांब मोकळा होता. चांदी करडांसह रानात चरावयास गेली आहे. शेळ्या दिवस मावळताना परततात.

तांब्या अजून माझ्याजवळच आहे. तो आत नेऊन द्यावयाचा, म्हणजे उंबरा ओलांडावा लागेल.